कपाटातल्या डब्यांतून पाच जणांचं कॅसरोल

कॅसरोल, म्हणजे एकाच पसरट भांड्यात थर लावून ओव्हनमध्ये भाजलेलं जेवण, कमी खर्चात करायचं म्हटलं की पहिली कात्री चीजला लागते. लागू द्या, हरकत नाही. कॅसरोल जमणं न जमणं चीजवर नसतंच, ते असतं ओलाव्यावर. भांड्यात पातळ किती गेलं, त्यातलं कोण किती पिणार आणि कोण उलट पाणी सोडणार, हा हिशोब बसला की मॅकरोनी, राजमा, कांदे, टोमॅटोचा डबा, दूध आणि शिळा ब्रेड एवढ्या सामानात अख्खं घर पोटभर जेवतं. हिशोब हुकला तर कितीही महागाचं चीज घाला, तळाशी पाणी साचतं आणि वर वातड थर राहतो. आज हा हिशोबच सविस्तर लिहायचा आहे.

आमच्या घरी माणसं पाच आणि प्रत्येकाची मागणी वेगळी. सासूबाईंना मऊ लागतं, चावताना त्रास नको. मुलाचा डोळा वरच्या कुरकुरीत थरावर, त्यातही भांड्याच्या कोपऱ्यावर. मुलीला राजमा प्रिय, पण कांद्याचा तुकडा दिसता कामा नये. नवरा उशिरा घरी येतो, म्हणजे परत गरम केल्यावरही चांगलंच लागलं पाहिजे. हे सगळं एका भांड्यात बसवणारा पदार्थ मला दुसरा सापडलेला नाही. म्हणून महिनाअखेरीला, बाजारात जायची इच्छा आणि पैसे दोन्ही कमी असतात तेव्हा, मी कपाट उघडते आणि कॅसरोलच्या नजरेने डबे बघायला लागते.

ही नजर म्हणजे काय, तर डब्यात काय आहे यापेक्षा तो कुठलं काम करेल हे बघायचं. पोट भरण्याचं काम मॅकरोनी, तांदूळ किंवा बटाट्याचं. प्रथिनांचं काम राजमा, काबुली चणे, मसूर यांचं. घरात माशाचा डबा असेल तर तोही चालतो. चवीचा पाया कांदा, लसूण आणि टोमॅटोचा. सगळं बांधून ठेवायला लोणी, मैदा आणि दुधाचा व्हाइट सॉस आणि वर कुरकुरीत काहीतरी. एका कामाला एक गोष्ट मिळाली की पुरे. मॅकरोनीही आहे, बटाटेही आहेत म्हणून दोन्ही घातले तर पीठच पीठ होतं, आणि पुढच्या वेळचं सामान आजच संपतं. अर्धवट उरलेली पाकिटं मात्र आधी काढायची. वेगवेगळ्या आकाराच्या पास्त्याची तळाला गेलेली पाकिटं खुशाल एकत्र करा, फक्त ज्याला शिजायला जास्त वेळ लागतो तो आकार आधी पाण्यात टाका.

माझं नेहमीचं प्रमाण सांगते. भांडं तीन लिटर मावणारं, ३३ बाय २३ सेंटिमीटरचं. मॅकरोनी २५० ग्रॅम. कोरडा राजमा २०० ग्रॅम, किंवा शिजवलेल्या राजम्याचे ४०० ग्रॅमचे दोन डबे. टोमॅटोचा ४०० ग्रॅमचा एक डबा. दोन मोठे कांदे, दोन गाजरं, लसणाच्या चार-पाच पाकळ्या. व्हाइट सॉससाठी ५० ग्रॅम लोणी, ५० ग्रॅम मैदा आणि ७०० मिलिलिटर दूध. चीज फक्त १०० ग्रॅम. ब्रेडच्या तीन-चार शिळ्या स्लाइस. बाकी तेल, मीठ, मिरपूड आणि अर्धा चमचा मोहरीची पूड. यात पाच जण व्यवस्थित जेवतात आणि दुसऱ्या दिवशीच्या डब्याला दोन वाटे उरतात.

सुरुवात आदल्या रात्री राजम्यापासून. डबाबंद राजमा सोयीचा आहे, पण कोरडा राजमा भिजवून शिजवला की फुगून वजनाच्या जवळजवळ अडीचपट होतो, आणि बजेटचा खरा फायदा तिथे आहे. भिजवायच्या पाण्यात मी लिटरमागे एक मोठा चमचा मीठ घालते. मिठाने कडधान्य कडक राहतं असं सर्रास सांगितलं जातं, पण भिजवणीच्या बाबतीत उलट आहे. सालीतल्या पेक्टिनला (पेशी एकमेकींना चिकटवून ठेवणारं द्रव्य) कॅल्शियम आणि मॅग्नेशियमने घट्ट धरून ठेवलेलं असतं, मिठातलं सोडियम त्यांची जागा घेतं आणि साल मऊ होते. दाणे फुटतही नाहीत. सकाळी ते पाणी टाकून द्यायचं, राजमा धुवायचा आणि नवीन पाण्यात शिजवायचा.

इथे एक गोष्ट ठासून सांगते, कारण ती चवीची नाही, तब्येतीची आहे. कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं द्रव्य असतं, त्याने जोरदार उलट्या आणि जुलाब होतात. ते नष्ट व्हायला राजमा किमान दहा मिनिटं खळखळून उकळायला हवा. मी अर्धा तास उकळते आणि मग आच मंद करते. प्रेशर कुकरमध्ये हे काम आपोआप होतं. भिजवलेला कच्चा राजमा थेट मंद आचेच्या स्लो कुकरमध्ये किंवा थेट कॅसरोलच्या भांड्यात टाकणं मात्र धोक्याचं आहे, कारण अर्धवट तापलेला राजमा कच्च्यापेक्षाही जास्त त्रास देऊ शकतो.

दुसरं म्हणजे राजमा पूर्ण मऊ झाल्याशिवाय टोमॅटोशी त्याची गाठ घालून द्यायची नाही. आंबटपणाने पेक्टिन विरघळत नाही, आणि मग तासभर ओव्हनमध्ये ठेवलं तरी दाणा कडकच राहतो. कपाटात मागे पडून जुना झालेला राजमा तर एरवीही हट्टी असतो. त्याला शिजवताना चिमूटभर खायचा सोडा घालायचा. राजमा शिजल्यावर उरलेलं दाट पाणी वाटीभर बाजूला ठेवा, ते पुढे लागेल. डब्यातला राजमा वापरणार असाल तर तो धुऊन घ्या, म्हणजे त्यातलं जास्तीचं मीठ निघून जातं.

आता खालचा थर. तेलात कांदा अगदी बारीक चिरून टाकायचा (मुलीसाठी मी किसतेच), थोडं मीठ घालायचं आणि चांगला तांबूस होईपर्यंत परतायचा. कमी सामानाच्या स्वयंपाकात चव विकत घेता येत नाही, ती वेळ देऊन काढावी लागते, आणि ती सगळ्यात जास्त निघते कांद्यातून. वीसेक मिनिटं लागतात. मग लसूण, किसलेलं गाजर आणि टोमॅटो. टोमॅटोत जवळजवळ ९५ टक्के पाणीच असतं, त्यामुळे हा रस्सा उघड्या भांड्यात आटवायचा. चमच्याने कढईच्या तळावर रेघ ओढली की ती क्षणभर तशीच राहायला हवी आणि कडेला तेल सुटलेलं दिसायला हवं. त्यात राजमा मिसळायचा, कोरडं वाटलं तर ठेवलेलं राजम्याचं पाणी दोन-तीन चमचे. थर ओलसर हवा, वाहता नको. वरून मॅकरोनीच्या सॉसमधला ओलावा खाली येणारच असतो.

मॅकरोनी पाकिटावर लिहिलेल्या वेळेपेक्षा तीन मिनिटं आधी उतरवायची. चावून बघितली तर मध्यभागी पांढरा ठिपका दिसतो, तेव्हा ती बरोबर आहे. उरलेलं शिजणं ओव्हनमध्ये सॉस पिऊन होणार. भांड्यात घालताना ती ‘खायला अजून तयार नाही’ अशीच असली पाहिजे, कारण पूर्ण शिजलेली मॅकरोनी ओव्हनमधल्या अर्ध्या तासात लगदा होते. सासूबाईंसाठी मऊ हवी म्हणून मी ती पाण्यात जास्त शिजवत नाही, सॉस थोडा सैल ठेवते. मऊपणा त्यातून येतो आणि आकारही टिकतो.

आणि आता व्हाइट सॉस, ज्याच्यावर माझा सगळ्यात जास्त जीव आहे. माझ्या नणंदेचा एकदा संध्याकाळी फोन आला.

“वहिनी, कॅसरोल लावायला घेतलंय आणि घरात क्रीमच नाहीये. आणायला जाऊ का?”

“दूध आहे? मैदा आहे?”

“ते आहे.”

“मग कुठे जाऊ नकोस. गॅस मंद कर आणि मी सांगते तसं कर.”

तिला जे सांगितलं तेच इथे लिहिते. जाड बुडाच्या पातेल्यात लोणी वितळवायचं. ते आधी फसफसतं, मग फेस बसायला लागतो. तेव्हा मैदा एकदम घालून ढवळत राहायचं. सुरुवातीला गोळा होतो, मिनिटभरात तो सैल होऊन ओल्या वाळूसारखा दिसतो आणि कच्च्या पिठाचा वास जाऊन भाजलेल्या पिठाचा वास येतो. रंग बदलू द्यायचा नाही, दोन मिनिटं खूप झाली. मग गॅसवरून उतरवून पहिलं वाटीभर दूध घालायचं, आणि तेही थंड. गरम मिश्रणात कढत दूध ओतलं की पिठाच्या कणांवर बाहेरून लगेच लेप बसतो आणि आत कोरडं पीठ अडकतं, त्याच्या गाठी होतात. थंड दुधात लोणी लावलेले कण आधी सुटे होतात आणि फुगतात नंतर. पहिलं दूध पूर्ण मुरून गुळगुळीत झालं की दुसरं, मग उरलेलं सगळं. आता परत गॅसवर.

गव्हाच्या पिठातला स्टार्च ६० अंश सेल्सियसच्या आसपास फुगायला लागतो, पण त्याचा पूर्ण दाटपणा उकळीच्या जवळ गेल्यावरच येतो. म्हणून ‘अजून पातळच आहे’ म्हणून मध्येच आणखी मैदा घालू नका. उकळी येऊ द्या, मग बघा. उकळी आल्यावर पाच-सात मिनिटं मंद आचेवर, तळ खरवडत ढवळत राहायचं. एवढ्याने पिठाची चव जाते. चमचा बुडवून उलटा धरा, त्याच्या पाठीवरून बोट फिरवा. रेघ स्वच्छ राहिली पण थर जाड लपका नसेल, तर सॉस तयार. नुसता खायच्या सॉसपेक्षा हा थोडा पातळच हवा, कारण मॅकरोनी अजून तहानलेली आहे.

दूध नसेल तर दूध पावडर उत्तम चालते, आणि खरं तर कपाटातल्या स्वयंपाकात तिच्याइतकी भरवशाची वस्तू नाही. लिटरभर पाण्याला साधारण १०० ग्रॅम स्किम्ड पावडर, सायीची असेल तर सव्वाशे ग्रॅम. लोण्याऐवजी तेल चालतं, चव थोडी सपाट होते, ती मोहरीची पूड आणि चिमूटभर जायफळ भरून काढतात. मोहरीची पूड मी वगळतच नाही. तिखट लागत नाही, पण थोड्या चीजची चव ती वर काढते.

परदेशी पाककृतींमध्ये व्हाइट सॉसच्या जागी मशरूम सूपचा डबा लिहिलेला असतो, तो बघून पुष्कळ जण पाककृतीच सोडून देतात. त्या डब्याची हकिकत चांगली आहे. अमेरिकेत कॅम्पबेल सूप कंपनीच्या प्रायोगिक स्वयंपाकघरात काम करणाऱ्या डॉर्कस राइली यांनी १९५५ साली फरसबी, मशरूम सूपचा डबा, दूध, सोया सॉस, मिरपूड आणि तळलेला कांदा एवढ्या सहा गोष्टींचं कॅसरोल बसवलं. विचार असा होता की बहुतेक घरांत जे असतंच त्यातून पदार्थ उभा राहावा. तो तिथे घरोघरी गेला. मला त्यातला विचार फार आवडतो, आणि त्याच विचाराने सांगते की डबा तुमच्या कपाटात नसेल तर तो आणू नका. डब्यातलं सूप तिथे जे काम करतं ते पिठाने दाट केलेलं दूधच करतं. एका डब्याच्या जागी प्रत्येकी तीन मोठे चमचे लोणी आणि मैदा, आणि सव्वा कप दूध. घरात मशरूम असतील तर चिरून, कोरडे होईपर्यंत परतून त्यात टाका. मीठ तुमच्या हातात राहतं हा वरचा फायदा.

चीज शंभर ग्रॅम म्हटलं, ते मुरलेलं, चवीला तीव्र असं घ्यावं. सौम्य चीज दुप्पट घालूनही तेवढी चव येत नाही. त्यातलं एक तृतीयांश सॉसमध्ये, पण गॅस बंद केल्यावर. उकळत्या सॉसमध्ये चीज घातलं की त्यातली प्रथिनं आकसतात आणि तूप वेगळं होतं, सॉस रवाळ होतो. उरलेलं वर. चीज बारीक किसणीवर किसलं की तेवढ्यातच दीडपट जागा झाकली जाते. तयार किसलेल्या पाकिटातल्या चीजला चिकटू नये म्हणून स्टार्च वगैरे लावलेलं असतं, वड्याच घेऊन घरी किसणं बरं.

टोमॅटो आणि दूध मी एकत्र ढवळत नाही. मैद्याने दूध फाटण्यापासून बरंच वाचतं, तरी आंबट टोमॅटो जास्त झाला तर सॉस कणीदार दिसतो. म्हणून खाली राजमा-टोमॅटोचा थर, वर व्हाइट सॉसमध्ये घोळलेली मॅकरोनी. वाढताना पळी तळापर्यंत घातली की दोन्ही ताटात येतात, आणि चवीलाही दोन वेगळे थर जास्त चांगले लागतात. एकाच लालसर-पांढऱ्या मिश्रणाचा चौथा घास कंटाळवाणा होतो. भांडं काठापासून बोटभर रिकामं ठेवा, उकळून वर येतं. खाली एक ट्रे ठेवला की ओव्हन घासायचा वाचतो.

वरच्या थराला शिळा ब्रेड ताज्यापेक्षा सरस. ताजा ब्रेड चुरडला की त्याचे गोळे होतात, शिळ्याचा नीट चुरा होतो. चुरा फार बारीक करू नका. काही कण पिठासारखे, काही ज्वारीच्या दाण्याएवढे, काही त्याहून मोठे, असा असमान चुरा हवा, कारण मोठे कण कुरकुरीत राहतात आणि बारीक कण फटी भरतात. त्यावर दोन मोठे चमचे तेल, थोडं मीठ आणि मिरपूड घालून बोटांच्या टोकांनी चोळायचं. प्रत्येक कण किंचित चकाकला पाहिजे आणि मुठीत दाबला तर गोळा होऊन लगेच सुटला पाहिजे. कोरडा चुरा तसाच टाकला तर तो खालून ओलावा ओढून चिखल होतो आणि वरून करपतो. तेलाचा लेप दोन्ही टाळतो. जिथे पाणी आहे तिथे तापमान १०० अंशांच्या फारसं वर जात नाही, आणि खमंग तांबूस रंग यायला त्याहून पुष्कळ जास्त, १४० अंशांच्या आसपास उष्णता लागते. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लुई कामिय मायार यांनी १९१२ मध्ये या प्रक्रियेचं वर्णन केलं, म्हणून ती त्यांच्या नावाने ओळखली जाते. आपल्यासाठी अर्थ एवढाच, की वरचा थर आधी कोरडा झाला पाहिजे. त्यामुळे मी या भांड्यावर फॉइल लावत नाही.

ओव्हन १९० अंशांवर आधी तापलेला असावा. तीस ते पस्तीस मिनिटं. कडेने बुडबुडे येतात ते वीस मिनिटांतच, त्यावर जाऊ नका. मध्यभागीही बुडबुडे दिसायला हवेत. थर्मामीटर असेल तर मध्यावर ७४ अंश. बाहेर काढल्यावर पंधरा मिनिटं हात लावायचा नाही, आणि मुलं ताटं वाजवत असली तरी हा नियम मी मोडू देत नाही. गरम असताना स्टार्चचा सॉस सैल असतो, निवताना तो घट्ट होतो. लगेच वाढलं तर ताटात तळं होतं, पंधरा मिनिटांनी वाढलं तर चौकोनी वडी उचलता येते. “आई, कोपरा माझा” हे तेवढ्यात दोनदा तरी ऐकू येतं.

आता सामान बदललं तर काय, हा खरा प्रश्न. तिथेच पाण्याचा हिशोब कामाला येतो. २५० ग्रॅम मॅकरोनी पूर्ण शिजल्यावर साधारण ५५० ग्रॅम भरते, म्हणजे ती ३०० मिलिलिटर पाणी पिते. एवढं कळलं की मॅकरोनी न उकडता कच्चीच घालायची असेल तर काय करायचं ते कुणी सांगावं लागत नाही. तेवढंच दूध किंवा पाणी सॉसमध्ये वाढवायचं, भांडं या वेळी मात्र फॉइलने घट्ट झाकायचं आणि पाऊण तासाने फॉइल काढून चुरा पसरायचा. एक पातेलं घासायचं वाचतं आणि गॅसही. तांदूळ मॅकरोनीपेक्षा जास्त पितो, शिजून वजनाच्या अडीचपटीच्या पुढे जातो. उरलेला भात वापरणार असाल तर तो मोकळा करून घाला आणि सॉस थोडा सैल ठेवा, कारण शिजलेला भातही आणखी ओलावा ओढतो.

बटाट्याचं गणित निराळं. त्याच्यात आधीच ८० टक्क्यांच्या आसपास पाणी असतं, त्यामुळे तो फारसं पीत नाही. बटाट्याच्या पातळ चकत्या अर्ध्याकच्च्या उकडून घ्या आणि सॉसचं दूध ७०० ऐवजी ५०० मिलिलिटर करा. कोबी, मशरूम, पालक या भाज्यांत ९० टक्क्यांहून जास्त पाणी असतं आणि त्या ते ओव्हनमध्ये सोडतात. त्या आधी परतून, पाणी सुकवून मगच घालायच्या. फ्रीझरमधले मटार तसेच टाकले तरी चालतात, मूठभर मटारांनी काही बिघडत नाही. मसूर असेल तर भिजवायचं कामही नाही, पण तो टोमॅटोत नाही, पाण्यातच मऊ शिजवून घ्या.

ओव्हन नसेल तर थांबू नका. जाड बुडाच्या, घट्ट झाकणाच्या भांड्यात हेच थर लावा, अगदी मंद आचेवर वीस मिनिटं झाकून ठेवा, तळाशी जुना तवा ठेवला तर करपत नाही. ब्रेडचा चुरा वेगळा तव्यावर तेलात तांबूस परता आणि वाढायच्या क्षणी वर पसरा. कोपऱ्यांची मजा यात नाही, पण चव तीच.

ओव्हन तापवायचाच आहे तर मी दोन भांड्यांचं करते, इंधन जवळपास तेवढंच लागतं. दुसऱ्या भांड्याला आधी फॉइलचं अस्तर लावायचं, थर भरायचे, चुरा न घालता ते पूर्ण निवू द्यायचं आणि न भाजता फ्रीझरमध्ये ठेवायचं. गोठलं की फॉइलसकट वडी उचलून गुंडाळून ठेवायची, म्हणजे भांडं मोकळं होतं. दोन-तीन महिने चव टिकते. वापरायच्या आदल्या दिवशी वडी त्याच भांड्यात ठेवून फ्रिजमध्ये विरघळू द्या आणि नेहमीपेक्षा पंधरा-वीस मिनिटं जास्त भाजा. काचेचं भांडं फ्रीझरमधून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये कधीच नाही, ते तडकतं.

नवऱ्याचा वाटा मी वाढायच्या आधीच काढून ठेवते, उथळ डब्यात, म्हणजे लवकर निवतो. शिजलेलं कॅसरोल दोन तासांपेक्षा जास्त बाहेर राहू द्यायचं नाही, आणि भाताचं असेल तर त्याहून लवकर फ्रिजमध्ये, कारण भातातल्या काही जिवाणूंचे बीजाणू शिजवूनही मरत नाहीत आणि त्यांनी एकदा विष तयार केलं की गरम करून ते जात नाही. फ्रिजमध्ये तीन दिवस चांगलं राहतं. गरम करताना आधी वरचा कुरकुरीत थर चमच्याने बाजूला काढायचा, खालच्या भागावर दोन चमचे दूध शिंपडायचं कारण रात्रभरात मॅकरोनीने उरलासुरला सॉसही पिऊन टाकलेला असतो, आणि झाकून आतपर्यंत वाफाळेल असं तापवायचं. बाजूला काढलेला थर कोरड्या तव्यावर दोन मिनिटं परतला की पुन्हा कुरकुरीत होतो, तो खायला देताना वर.